गाविलगडच्या डोंगरांचें देणें

वैशाखाचें ऊन तापूं लागलें कीं मोर्शी, वरुड, अचलपूर, अमरावती येथील ज्या गृहस्थांच्या गांठीं चार पैसे आहेत त्यांचीं पावलें चिखलदऱ्याकडे वळतात. यांत वावगें कांहींच नाहीं. सुमारें ११०० मीटर उंचीवरचें हें पठार म्हणजे होरपळणाऱ्या वऱ्हाडास सृष्टीनें दिलेला गारवा आहे, आणि त्याचा उपभोग घेणें हें कांहीं पाप नव्हे. परंतु तेथून परतलेल्या मंडळीस "काय पाहिलेंत?" म्हणून विचारावें तर उत्तर ठरलेलें असतें : देवी पॉईंट पाहिला, पंचबोल पॉईंटवर हांका मारून प्रतिध्वनि ऐकला, भीमकुंड पाहिलें, मोथ्याचा खवा आणला. ज्यांच्या दारावरून मोटार गेली त्या माणसांविषयीं एक अक्षर निघत नाहीं. हें मौन आम्हांस खटकतें. तें केवळ सौजन्याच्या दृष्टीनें खटकतें असें नव्हे. मोर्शीकर बागाइतदाराच्या व व्यापाऱ्याच्या रोकड हिताच्या दृष्टीनेंहि तें घातक आहे, असें आमचें मत आहे.

चिखलदऱ्याचा इतिहास म्हणून जो सांगितला जातो त्याचीं दोन प्रकरणें आहेत. पहिलें पौराणिक : भीमानें कीचकास मारून ज्या दरींत टाकिलें ती कीचकदरा, आणि विराटाची नगरी तें जवळचें वैराट. दुसरें प्रकरण इंग्रजी : १८२३ सालीं हैदराबादच्या फौजेंतील कॅप्टन रॉबिन्सन यानें या जागेचा 'शोध' लाविला. महाबळेश्वर मालकमसाहेबाच्या कारकीर्दींत १८२८-२९ च्या सुमारास वसलें, माथेरान ठाण्याच्या मॅलेट कलेक्टरानें १८५० मध्यें पुढें आणिलें. या मानानें चिखलदरा त्या दोघांचा वडील भाऊ ठरतो, आणि वऱ्हाडी माणसास त्याचा अभिमान वाटणें साहजिक आहे. पण शोध कशाचा लागला? रॉबिन्सन पठारावर चढला त्या वेळीं तेथून हांकेच्या अंतरावर गाविलगडचा किल्ला सुमारें चारशें वर्षें उभा होता. त्या किल्ल्याच्या नांवांतच गवळ्यांचें नांव होतें. आणि भोंवतालच्या दऱ्याखोऱ्यांतून कोरकूंच्या वाड्या पिढ्यान्‌पिढ्या नांदत होत्या. शोध म्हणावयाचा तो एवढाच, कीं भर उन्हाळ्यांत साहेबास लोकरी कोट घालून बसतां येईल अशी जागा सांपडली. साहेब गेला, त्याची दृष्टि मात्र आम्ही वारशानें चालवीत आहों.

किल्ल्याची हकीकत थोडी विस्तारानें सांगण्याजोगी आहे. गवळ्यांच्या मातीच्या गढीच्या जागीं बहामनी सुलतान अहमदशहा वली यानें १४२५ च्या सुमारास पक्का कोट बांधिला असें इतिहासकार सांगतात. पुढें बहामनी राज्य मोडकळीस आलें, तेव्हां फत्तेउल्ला इमादउल्मुल्क यानें अचलपुरास गादी करून वऱ्हाडची इमादशाही स्थापिली व गाविलगडची डागडुजी केली. हा फत्तेउल्ला मूळचा विजयनगरकडील ब्राह्मणाचा मुलगा. लहानपणीं पाडाव होऊन मुसलमान झालेला. किल्ल्याच्या शार्दूल दरवाजावर दोन तोंडांच्या गंडभेरुंड पक्ष्याचें जें शिल्प आहे त्याचें मूळ जाणकार त्याच्या या पूर्वेतिहासांत पाहतात. वऱ्हाडांत धर्माच्या नांवानें भांडणें लावून देणाऱ्यांनीं एकदां त्या दरवाजाखालीं उभें राहून मान वर करावी, एवढीच आमची त्यांस विनंति आहे.

कालांतरानें किल्ला नागपूरकर भोसल्यांकडे आला. २९ नोव्हेंबर १८०३ रोजीं अडगांवच्या मैदानांत रघूजी भोसल्यांच्या फौजेचा मोड करून जनरल ऑर्थर वेलस्ली गाविलगडावर चालून गेला. हाच पुढें ड्यूक ऑफ वेलिंग्टन होऊन १८१५ सालीं वॉटर्लूच्या रणांत नेपोलियनास जिंकणारा सेनापति. दक्षिणेकडील तुटलेला कडा दाद देण्याजोगा नव्हता, म्हणून कर्नल स्टीव्हन्सनच्या फौजेनें जड तोफा डोंगरांतून वळसा घालून उत्तरेच्या बाजूस न्याव्या असें ठरलें. ७ डिसेंबरपासून १२ डिसेंबरपर्यंत, अरण्य तोडीत आणि वाट करीत, त्या तोफा ओढून वर नेल्या. १५ डिसेंबरास किल्ला पडला. किल्लेदार बेनीसिंग लढतां लढतां कामास आला. आणि लगेच १७ डिसेंबरास देवगांवचा तह होऊन वर्धेच्या पश्चिमेकडील भोसल्यांचा मुलूख गेला. वेलिंग्टनचे पुतळे विलायतेंत उभे आहेत. बेनीसिंगाचें नांव वऱ्हाडांतल्या किती शाळकरी मुलांस ठाऊक असेल, हा प्रश्न आम्ही वाचकांवरच सोंपवितों. आणि तोफांपुढें झाडें तोडणाऱ्या मजुरांचीं नांवें तर कोणत्याच दप्तरांत नाहींत. १८५८ सालीं हा किल्ला तात्या टोपे यांच्या हातीं पडूं नये म्हणून इंग्रजांनींच त्याची मोडतोड केली.

किल्ला निकामी झाला आणि डोंगराची किंमत सागवानावरून ठरूं लागली. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत मेळघाटचें रान सरकारनें राखीव केलें. कोरकूंची कुऱ्हाडीची फिरती शेती बंद पाडिली, आणि जंगलकामास मजूर हवे म्हणून त्यांचींच गांवें 'वनग्राम' या नांवानें सरकारच्या मर्जीवर वसविलीं. काल जो रानाचा धनी होता तो आज त्याच रानांत कुळहि राहिला नाहीं. परतवाड्यास लांकडाची पेठ भरभराटली, आणि खालच्या गांवांतून कित्येक जुन्या वाड्यांच्या तुळया त्याच सागाच्या आहेत. कोरकू म्हणजे कोण, हें मात्र त्या तुळयांखालीं बसून कोणी विचारलें नाहीं. त्याची भाषा म्हणजे मराठीची किंवा हिंदीची मोडकी बोली असें समजणारे सुशिक्षित गृहस्थ आजहि भेटतात. वस्तुतः ती मुंडा कुळांतील भाषा आहे. संताळी आणि मुंडारी या तिच्या बहिणी शेंकडों कोस पूर्वेस झारखंड-बंगालकडे नांदतात, आणि त्या प्राचीन कुळाची अगदीं पश्चिमेकडील शाखा आमच्या उंबरठ्याशीं बोलली जाते. आमच्याच मोर्शी तालुक्यांतील रिद्धपूर हें महानुभावांचें क्षेत्र. पंडितांच्या संस्कृताऐवजीं लोकांच्या बोलींत धर्म सांगितला, ही चक्रधरस्वामींच्या पंथाची थोरवी. त्या पुण्याईवर रिद्धपुरास आतां मराठी भाषेचें विद्यापीठहि स्थापन झालें. ज्यांस या परंपरेचा अभिमान आहे त्यांनीं कोरकूच्या सहा वर्षांच्या लेंकरास शाळेच्या पहिल्या दिवसापासून परकी भाषा घोकावयास लावणें योग्य काय? या विद्यापीठानें कोरकू-मराठी वाचनपुस्तकें सिद्ध करण्याचें काम अंगावर घ्यावें. त्यानें मराठीचा मान कमी न होतां वाढेलच.

१९७४ सालीं मेळघाट हा देशांतील पहिल्या नऊ व्याघ्रप्रकल्पांपैकीं एक झाला. वाघ वांचलाच पाहिजे याविषयीं आम्हांस तिळमात्र शंका नाहीं. परंतु वाघासाठीं गांवें उठविलीं गेलीं, तेव्हां खालीं आणून वसविलेल्या माणसांस पाणी, जमीन व रोजगार वेळेवर मिळतो कीं नाहीं याची चौकशी करण्याची तसदी आमच्या शहरांतील निसर्गप्रेमी मंडळीनें क्वचितच घेतली. १९९३ सालीं मेळघाटांतील कुपोषित बालकांच्या मृत्यूंनीं सारा महाराष्ट्र हादरला. समित्या आल्या, मंत्र्यांचे दौरे झाले, न्यायालयानें सरकारास पुनःपुन्हां जाब विचारला. मृत्यु कमी झाले, थांबले नाहींत. बैरागड येथें डॉक्टर रवींद्र व डॉक्टर स्मिता कोल्हे या दांपत्यानें, आणि धारणीजवळ उतावली येथें डॉक्टर आशीष सातव यांनीं जें आयुष्य वेंचलें तें नसतें तर आंकडे याहून काळे असते.

या प्रसंगीं शहरांतून एक ठरीव वाक्य ऐकूं येतें : "हे लोक अडाणी, भूमकाकडे जातात, आजारी पोराच्या पोटावर डागण्या देतात." ती चाल क्रूर आहे आणि गेलीच पाहिजे, हें आम्हीहि तितक्याच स्पष्टपणें म्हणतों. पण धारणीहून अमरावतीचें मोठें इस्पितळ सुमारें दीडशें किलोमीटर दूर, आणि पावसाळ्यांत ओढे भरले कीं आंतल्या खेड्यांस तितकाहि मार्ग नाहीं. अशा ठिकाणीं तापानें फणफणलेलें मूल मांडीवर घेतलेली आई जवळच्या भूमकाकडे गेली, तर तिच्या अज्ञानाची थट्टा करण्याचा अधिकार कोणास पोंचतो? पदवीधर असून पत्रिका पाहिल्यावांचून दुकानाचा मुहूर्त न करणाऱ्या आम्हां पेठकऱ्यांस तर नाहींच नाहीं. भूमकालाच विश्वासांत घेऊन त्याच्या हातून रोगी दवाखान्यांत आणविण्याचा जो प्रयत्न आरोग्यखात्यानें केला तो शहाणपणाचा होता. तो नेटानें व सातत्यानें चालविला पाहिजे.

आतां रोकड हिताची गोष्ट. गाविलगडच्या डोंगरावर पडलेला पाऊस दक्षिणेस चंद्रभागा, शहानूर यांच्या मार्गानें पूर्णेस मिळतो, उत्तरेस सिपना, गडगा यांच्या मार्गानें तापीस. याच सातपुड्याच्या पूर्वेकडील उतारावर, आमच्या सालबर्डीच्या महादेवापाशीं, माडू नदी खालीं उतरते. तिचें पाणी वर्धेंत जातें. म्हणजे एका रांगेचें पाणी दोन समुद्रांस पोंचतें. सिंभोऱ्याचें नळदमयंती सागर धरण वर्धा नदीवर आहे, आणि त्याच पाण्यावर अमरावती शहर तहान भागवितें. मोर्शी-वरुडाच्या संत्र्याची तर गोष्टच सोडा. (संत्र्याचें झाड या प्रांतांत नागपूरकर भोसल्यांनीं आणिलें असें सांगतात. ज्या घराण्यानें गाविलगड गमाविला त्यानेंच ही दुसरी दौलत ठेविली, असें म्हणावयाचें.) पण ती दौलत आज कशावर उभी आहे? एक बोअर आटली कीं शेजारीं दुसरी, त्याहून खोल. मोर्शी व वरुड हे तालुके भूजलाच्या सरकारी पाहणींत अतिउपशाच्या यादींत गेले. आंबिया बहार पाण्यावांचून गळतो, तेव्हां दलालास दोष द्यावयाचा, हवामानास द्यावयाचा; वरच्या डोंगरावरचें झाड तुटलें आणि उतारावरचें पाणी न मुरतां वाहून गेलें, याचा हिशेब कोणी मांडीत नाहीं. तापीचें पाणी अडवून सातपुड्याच्या पायथ्याशीं जमिनींत मुरविण्याच्या मोठ्या योजनेचा करार महाराष्ट्र व मध्यप्रदेश या राज्यांनीं मे २०२५ मध्यें भोपाळ येथें केला. योजना होईल तेव्हां होईल. पण कोट्यवधि रुपये खर्चून जें काम यंत्रानें करावयाचें तें राखलेलें रान दरवर्षीं फुकट करीत असतें, आणि तें रान राखणारा माणूस भुकेला ठेवून रान टिकेल ही आशा व्यर्थ आहे.

तो माणूस आमच्या परिचयाचा नाहीं असेंहि नाहीं. सोयाबीनच्या सोंगणीस, हरभऱ्याच्या काढणीस, बागेच्या कामास मेळघाटांतून टोळ्याच्या टोळ्या खालीं येतात, आणि होळीचा सण आला कीं हातचें काम टाकून घरीं परततात. मालक चिडतो, "ऐन हंगामांत पळाले" म्हणतो. पण स्वतःच्या घरच्या दिवाळीस तो कोणत्या गांवीं असतो? हे मजूर उघड्यावर निजतात, लेंकरें बांधावर ठेवितात, मुकादमाच्या उचलीचा हिशेब त्यांस कळत नाहीं, आणि चार महिन्यांत मुलांची शाळा बुडते ती कायमचीच. कुपोषणाची चर्चा आम्ही धारणीच्या नांवानें करतों; त्यांतला एक भाग आमच्या बांधावर घडतो, हें कबूल करण्यास धैर्य लागतें.

इतकें सर्व असतां चिखलदऱ्याच्या उत्कर्षाचा विचार निघाला कीं तो सिडकोनें हातीं घेतलेल्या काचेच्या स्कायवॉकवर येऊन थांबतो. तो सुमारें ४०७ मीटर लांब, म्हणून त्याचें कौतुक. आम्ही अशा बांधकामाचे शत्रु नव्हों. प्रवासी येतील, चार घरांत चूल पेटेल. पण पर्यटनानें रोजगार मिळतो हें खरें मानलें तरी रोजगार कोणता, हा प्रश्न उरतोच. उपाहारगृह बाहेरच्याचें, जमीन बाहेरच्यानें घेतलेली, आणि कोरकूच्या वांट्यास भांडीं घासणें, हा उत्कर्ष डोंगराचा नव्हे. याच्या उलट उदाहरण पाहावयाचें असेल तर मेळघाटाच्या पायथ्याशीं पायविहीर येथें जावें. २००६ च्या वनहक्क कायद्याखालीं २०१२ सालीं गांवानें आपल्या जंगलावर सामूहिक हक्क मिळविला, उजाड टेकड्या राखल्या, झाडें लाविलीं, सीताफळाचा व्यापार स्वतः केला, आणि २०१४ सालीं जैवविविधतेचा राष्ट्रीय सन्मान मिळविला. तेथें कोणी पूल बांधिला नाहीं. फक्त हक्काचा कागद वेळेवर हातीं पडला.

सरकारास आमचें मागणें आहे, कीं मेळघाटांतील सामूहिक वनहक्कांचे उरलेले दावे निकालांत काढावे, आणि चिखलदऱ्यास प्रवाशांकडून जो कर मिळेल त्याचा ठरीव हिस्सा आंतल्या खेड्यांतील दवाखान्यांवर व पावसाळी रस्त्यांवर खर्ची घालून तसा हिशेब दरवर्षीं प्रसिद्ध करावा. परंतु जें आमच्या स्वतःच्या हातीं आहे त्यासाठीं मुंबईकडे पाहण्याचें कारण नाहीं. मोर्शी व वरुड येथील बाजार समित्यांनीं येत्या हंगामापूर्वीं सभा भरवून एवढें ठरवावें, कीं बाहेरून आलेल्या मजुरांची मजुरी मुकादमाच्या हातीं न देतां ज्याची त्यास, नोंद करून द्यावी. जेथें टोळी उतरेल तेथें निवारा, पिण्याचें पाणी व लेंकरांसाठीं एक पाळणाघर असावें. आणि त्या मुलांस तेवढे महिने जवळच्या शाळेंत बसूं द्यावें. असा ठराव ज्या समितींत होईल तिनें त्याची प्रत आमच्याकडे धाडावी. ती आम्ही सूचक व अनुमोदक यांच्या नांवांसह याच जागीं छापूं. आणि विरोध करणाऱ्यांचीं कारणें आलीं तर तींहि छापूं.