पगड्यांखालचा प्रश्न

परवा परभणीत एका व्याख्यात्यांनी १९२५ सालचा ‘ओरोची’ हा जपानी मूकपट मुक्तकंठाने वाखाणला. अन्यायाने नीच ठरविल्या गेलेल्या सामुराईच्या कथेत परंपरा आणि समाजपरिवर्तन यांचा झगडा त्यांना दिसला, हे योग्यच झाले. परंतु ‘आपल्या मूकपटांनी मात्र नुसत्या पगड्या मिरविल्या’ असा एकतर्फी निकाल, कोणाचीही जबानी न घेता, त्यांनी त्याच दमात फर्माविला.

मूकपट मुळातच बालिश, हा त्यांचा दुसरा आक्षेप ‘ओरोची’च्या स्तुतिपाठकाच्या मुखी शोभत नाही.

मुख्य आक्षेपाचे मात्र मूळच खणले पाहिजे. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ज्या बाबूराव पेंटरांनी १९२३ साली हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरून ‘सिंहगड’ काढला, त्यांनीच १९२५ साली, म्हणजे नेमक्या ‘ओरोची’च्या साली, कर्जापायी जमीन गमावून शहराची वाट धरणारा शेतकरी ‘सावकारी पाशा’त दाखविला, आणि त्यात शेतकरी झालेल्या व्ही. शांताराम यांनी १९३० साली शिवचरित्रावर मूकपट काढला, तेव्हा त्याच्या नावातील ‘स्वराज्य’ हा शब्द इंग्रजी अमलाला सोसला नाही व ‘उदयकाल’ हे नाव घेणे भाग पडले. नुसत्या पगड्यांना कोणते सरकार भिते? १९१३ साली फाळक्यांच्या तारामतीसाठी पुरुष नट घ्यावा लागला होता. पेंटरांच्या १९२० सालच्या ‘सैरंध्री’त स्त्रिया उभ्या राहिल्या, आणि त्या सुमारास जपानी पडद्यावर स्त्रीवेष बहुधा पुरुषच घेत होते. कथा पुराणातली असेल. पण कुलीनतेच्या जुन्या कल्पनांना बाजूस सारून बाईने पडद्यावर येणे, हे परिवर्तन नव्हे तर काय?

इतिहासात रमणारा तो प्रतिगामी, हा वाद जुनाच आहे. निजामी अमलात दप्तराची भाषा उर्दू असता मराठीतून शिवचरित्र वाचणे ही उद्याची सिद्धता होती, हे १७ सप्टेंबर १९४८ रोजी त्या अमलाचा अंत पाहिलेल्या जिल्ह्यात पुन्हा सांगावे लागते, याचा खेद वाटतो.

माझे प्रतिपादन एवढेच, की परंपरेच्या वेषात नवा प्रश्न उभा करता येतो आणि आपल्या मूकपटांनी तो केला. ‘ओरोची’ची प्रत उरली, ‘सिंहगड’ आणि मूक ‘सावकारी पाश’ यांच्या उरल्या नाहीत. जतन न झालेल्या कृतीला आशयहीन ठरविणे म्हणजे दस्तऐवज गहाळ झाला म्हणून कुळाचा हक्कच बुडविणे होय. आणि तसा हक्क बुडणे म्हणजे काय, हे आमच्या कापूसपट्ट्यात, कोऱ्या कागदावर अंगठा उठविलेल्या आजोबांच्या नातवाला कोणी समजावून सांगावे लागत नाही.