ह्यू रोजचे प्रशस्तिपत्र कशाला हवे?

झाशीच्या राणी लक्ष्मीबाईंवरील व्याख्यान असो वा शाळेतला निबंध, एक दाखला त्यात हमखास येतो. प्रत्यक्ष शत्रूचा सेनापती सर ह्यू रोज यानेही राणीला बंडवाल्यांतील सर्वांत शूर ठरविले होते, असे मोठ्या अभिमानाने सांगितले जाते. दाखला खोटा नाही. प्रश्न असा, की राणीचे मोठेपण सिद्ध करण्यासाठी तिचे राज्य बुडविणाऱ्याचीच साक्ष आपल्याला का काढावीशी वाटते? आणि साक्ष काढायचीच, तर साक्षीदाराचे संपूर्ण चरित्र का पाहू नये?

१८०१ साली बर्लिन येथे जन्मलेला रोज १८२० मध्ये सैन्यात शिरला. सीरियातील युद्ध, बैरुत व कॉन्स्टँटिनोपल येथील राजनैतिक सेवा आणि क्रिमियाचे युद्ध अशी वाटचाल करून सप्टेंबर १८५७ मध्ये तो मुंबईत उतरला. तोवर हिंदुस्थानात त्याने एक दिवसही चाकरी केलेली नव्हती. तरीही १८५८ च्या जानेवारी ते जून या अवघ्या सहा महिन्यांत राहतगड, झाशी, कोंच, काल्पी आणि ग्वाल्हेर त्याने पाडाव केले. बेतवेच्या काठी १ एप्रिलला तात्या टोपे यांच्या कितीतरी मोठ्या फौजेला त्याने पिटाळले. शत्रूची कर्तबगारी नाकारण्यात पुरुषार्थ नसतो. ती मान्य केलीच पाहिजे.

पण ३ एप्रिलला झाशीच्या तटावरून आत शिरल्यावर या सेनेने काय केले? मारल्या गेलेल्यांचा खुद्द इंग्रजांचा अंदाज सुमारे पाच हजारांचा आहे. कोकणातील वरसईचे विष्णुभट गोडसे त्या दिवसांत झाशीतच होते. ती कत्तल, ती लूट आणि ती जाळपोळ त्यांनी डोळ्यांनी पाहिली आणि 'माझा प्रवास' या ग्रंथात नोंदविली. १९०७ पासून हा मराठी साक्षीदार छापील रूपात आपल्यासमोर उभा आहे. रोजची स्तुती मुखोद्गत असलेल्या किती घरांत गोडसेभटजींचे पुस्तक आहे?

साम्राज्याने आपल्या सेवकाची कदर कशी केली, तेही पाहण्यासारखे आहे. १८६० मध्ये रोज हिंदुस्थानचा सरसेनापती झाला. १८६५ पासून आयर्लंडचे सैन्य त्याच्या हाती आले आणि १८६७ मधील फेनियन उठावाच्या वेळी तेथील सेनापती तोच होता. १८६६ मध्ये त्याला उमराव पद मिळाले, त्या किताबात स्ट्रॅथनेर्नबरोबर 'झाशी' हे नावही गुंफले गेले! ज्या नगरीची राखरांगोळी केली, तिचेच नाव भूषण म्हणून मिरवायचे, ही होती त्या 'दिलदार' शत्रूच्या राष्ट्राची रसिकता. १८७७ मध्ये तो फील्ड मार्शल झाला. पुढे लंडनच्या नाइट्सब्रिजमध्ये त्याचा अश्वारूढ पुतळा उभारला गेला, तोही मध्य भारतात जिंकलेल्या तोफांच्या धातूचा.

तथापि सगळा रोष रोजवर काढून आपली सुटका होणार नाही. त्याच्या फौजेत मुंबई इलाख्याच्या देशी पलटणी होत्या, हैदराबादची तैनाती फौज होती. ग्वाल्हेरचे जयाजीराव शिंदे इंग्रजांच्या पक्षाला राहिले. राणी लढत होती तेव्हा तिच्या विरुद्ध उचललेल्या बंदुकांपैकी कितीतरी आपल्याच बांधवांच्या खांद्यावर होत्या. रोजच्या यशाचे खरे रहस्य त्याच्या युद्धशास्त्राइतकेच आपल्या विस्कळीतपणात दडलेले आहे, आणि मुलांना सांगायला हवे ते हेच.

दत्तात्रेय बळवंत पारसनीस यांनी १८९४ मध्ये राणीचे मराठी चरित्र प्रसिद्ध केले, त्याच्या पुढच्याच वर्षी लंडनमधील त्या पुतळ्याचे अनावरण झाले. अविवाहित रोजचा किताब १८८५ मध्ये त्याच्याबरोबरच संपला होता. पुतळाही १९३१ मध्ये हमरस्त्यावरून हलवला गेला आणि पुढे विकला जाऊन खासगी जागेत गेला. इंग्रजांनी आपला विजेता अडगळीत टाकला. आपण मात्र त्याचे प्रशस्तिपत्र अजून चौकटीत लावून ठेवले आहे. ते उतरवू या आणि त्या जागी गोडसेभटजींचे पुस्तक ठेवू या. राणीला शत्रूच्या शिफारशीची गरज तेव्हा नव्हती, आजही नाही.