दाणे पुसलेले चित्र
'एलियन' मालिकेचे पहिले दोन चित्रपट फोर-के डिस्कवर लागोपाठ पाहिले, की पिक्सेलची संख्या आणि मूळ चित्राशी इमान यांचा परस्परसंबंध किती सैल आहे ते कळते. दोन्हीकडे ३८४० बाय २१६० पिक्सेल. रिडली स्कॉटच्या १९७९च्या चित्रपटाच्या डिस्कवर ३५ मिलिमीटर फिल्मचे दाणे शाबूत आहेत, म्हणून नोस्ट्रोमो यानाच्या बोळांतला अंधार धुरकट, दमट, जिवंत वाटतो. जेम्स कॅमेरॉनच्या 'एलियन्स'च्या (१९८६) २०२४मधल्या डिस्कवर मात्र संगणकाने दाणे पुसून कडा धारदार केल्या आहेत आणि सिगर्नी वीव्हरची त्वचा कित्येक दृश्यांत मेणासारखी दिसते. खुद्द दिग्दर्शकाचीच याला संमती आहे, त्याला ती फिल्म फार दाणेदार वाटत होती, असे यावर सांगितले जाते. त्याचा हक्क मान्यच. पण प्रेक्षकांनी जीव लावला तो छायालेखक एड्रियन बिडलने तेव्हा टिपलेल्या प्रकाशाला. शिवाय चित्र त्या दाण्यांतूनच घडलेले असते, त्यामुळे ते पुसताना सुरकुत्या आणि कापडाचा पोतही जातो. नवी आवृत्ती खुशाल काढावी, पण निगेटिव्हशी प्रामाणिक असलेली आवृत्तीही त्याच संचात द्यावी. 'ब्लेड रनर'च्या २००७च्या संचात अनेक आवृत्त्या एकत्र दिल्या होत्याच.