घरघर, राल आणि रॉन्कस : छातीतल्या आवाजांना नावे कुणी दिली?

एखाद्या संस्थेला 'घरघर लागली' असे आपण सहज लिहून जातो. हा शब्द मूळचा मृत्युशय्येवरचा आहे. घशात साठलेल्या स्रावातून अखेरचे श्वास ये-जा करू लागले की जो आवाज होतो, ती घरघर. दोनशे वर्षांपूर्वी पॅरिसमधल्या एका वैद्यापुढे नेमका याच अर्थाचा फ्रेंच शब्द अडचण होऊन उभा राहिला. त्याने काढलेल्या वाटेच्या खुणा आजही आपल्या सरकारी दवाखान्यातल्या केसपेपरवर सापडतात. धागा लांबणार आहे, सवडीने वाचावा.

रेने लाएनेक (१७८१–१८२६) हा ब्रिटनीतल्या कँपेर गावचा. १८१६ मध्ये पॅरिसच्या नेकर रुग्णालयात हृदयविकाराची एक तरुण स्त्री त्याच्यापुढे आली. छातीला थेट कान लावणे प्रशस्त वाटेना, म्हणून त्याने कागदाची गुंडाळी करून तिच्यातून ऐकले. पुढे लाकडी नळी आली, तिला 'स्टेथोस्कोप' हे नाव मिळाले आणि १८१९ मध्ये त्याचा दोन खंडांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. ही हकिगत शालेय पुस्तकांपासून दिनविशेषांपर्यंत सर्वत्र आढळते. माझ्या मते या साऱ्या प्रकरणातला तो सर्वांत कमी महत्त्वाचा भाग आहे.

आवाज ऐकणे त्याच्यापूर्वीही होतेच. छातीतला आवाज उकळत्या शिरक्यासारखा येतो, असे हिप्पोक्रेटिसच्या नावावरील ग्रंथसंग्रहात नमूद आहे आणि लाएनेकनेही त्याचा उल्लेख केला होता. आपल्याकडे चरकसंहितेत श्वासाचे पाच प्रकार सांगितले आहेत. त्यांपैकी तमकश्वासाच्या लक्षणांत 'घुर्घुरक' हा आवाज येतो. रुग्णाला आडवे झाल्यावर त्रास होतो, उठून बसल्यावर बरे वाटते. आभाळ भरून आले, गारठा पडला किंवा पूर्वेचा वारा सुटला की व्याधी बळावते, असेही तिथे म्हटले आहे. दम्याचा रुग्ण पाहिलेल्या कुणालाही हे वर्णन परके वाटणार नाही. मात्र त्यावरून 'आमच्याकडे सारे आधीच होते' असा निष्कर्ष काढण्याची घाई नको. हा आवाज खोलीत बसलेल्या सर्वांना ऐकू येणारा आहे. रुग्ण, त्याची आई आणि वैद्य तिघेही एकच गोष्ट ऐकत आहेत.

१८१९ नंतर ही स्थिती बदलली. आता असे आवाज समोर आले, जे फक्त नळीला कान लावणाऱ्यालाच ऐकू येत. त्यांचा अर्थ लावण्याची किल्लीही त्याच्याच हाती होती, आणि ती किल्ली शवागारात घडली होती. क्रांतीनंतरच्या पॅरिसमधली रुग्णालये गरिबांची होती. जिवंतपणी ज्याची छाती ऐकली, तो दगावला की त्याचे शवविच्छेदन होई आणि कानाने टिपलेला आवाज डोळ्यांना दिसणाऱ्या फुप्फुसाशी ताडून पाहिला जाई. लाएनेकचे खरे कर्तृत्व या चिकाटीच्या ताळ्यात आहे. पण ज्यांच्या देहांवर हे ज्ञान उभे राहिले, त्यांच्यापैकी बहुतेकांची संमती कुणी विचारली नव्हती. कागदाच्या गुंडाळीची गोड गोष्ट सांगताना हे गाळले जाते, याची मला खंत वाटते.

आता शब्दांकडे वळू. फुप्फुसातल्या सर्व अनपेक्षित आवाजांसाठी लाएनेकने 'राल' हा एकच सर्वसाधारण शब्द घेतला आणि त्याचे पोटभेद पाडले. ओलसर तडतड, गुरगुर, घोरण्यासारखा आवाज, शिटीसारखा आवाज असे ते भेद होते. उपमा अगदी घरगुती होत्या. बारीक तडतडीसाठी त्याने तापल्या भांड्यात पडलेल्या मिठाचा दाखला दिला. (पुढे इंग्लंडमध्ये विल्यम्स या वैद्याने याच आवाजासाठी कानाजवळ केसांची बट बोटांत चोळून पाहायला सांगितले. हा प्रयोग आत्ता करून पाहता येईल.)

अडचण अशी होती की सामान्य फ्रेंच माणसाच्या लेखी 'राल' म्हणजे मरणाऱ्याची घरघर. खाटेवरच्या रुग्णाने वैद्याच्या तोंडून हा शब्द ऐकला, तर तो भीतीनेच अर्धमेला होईल. म्हणून रुग्णाच्या देखत लाएनेक 'रॉन्कस' हा लॅटिन शब्द वापरू लागला. अर्थ तोच, केवळ रुग्णाला न कळणारा. या निर्णयामागे दया होती याविषयी मला शंका नाही. परंतु रुग्णाच्या शरीरातला आवाज त्याच्यापासून भाषेनेही दूर नेण्याची ही सुरुवात होती, हेही तितकेच खरे.

पुढे जे घडले ते इतिहासाच्या विद्यार्थ्याला अधिक रोचक वाटावे. जॉन फोर्ब्सने १८२१ मध्ये या ग्रंथाचा इंग्रजी अनुवाद केला. स्वतः अनुवादक असूनही, हे साधन सर्वत्र रूढ होईल यावर त्याचा विश्वास नव्हता. एखादा गंभीर वैद्य रुग्णाच्या छातीवर लांब नळी टेकवून, जणू आतला रोग त्याच्याशी बोलतो आहे अशा थाटात बसलेला पाहणे त्याला हास्यास्पद वाटे. नळी मात्र रूढ झाली, आणि तिच्याबरोबर शब्दांचा घोळही. इंग्रजीत 'राल' आणि 'रॉन्कस' हे एकाच गोष्टीचे दोन शब्द न राहता दोन वेगळ्या आवाजांची नावे बनले. राल म्हणजे तुटक, ओला आवाज. रॉन्कस म्हणजे सलग, कोरडा आवाज. त्यावर विशेषणांचे थर चढले. एक वैद्य जे लिही, ते दुसऱ्याला त्याच अर्थाने कळेलच याची खात्री उरली नाही. रुग्णापुरता योजलेला आडपडदा अखेरीस वैद्यांनाच नडला.

१९५७ मध्ये रॉबर्टसन आणि कूप यांनी 'लॅन्सेट'मध्ये लाएनेकच्या मूळ मजकुरापर्यंत मागे जाऊन हा गुंता दाखवून दिला. तुटक आवाजांना 'क्रॅकल' आणि सलग आवाजांना 'व्हीझ' म्हणावे, असे त्यांनी सुचवले. दोन्ही शब्द साधे, बोलीतले आणि कुणालाही कळणारे होते. जुना ग्रंथ काळजीपूर्वक वाचल्याने वैद्यकातला गोंधळ निवळू शकतो, याचे इतके चांगले उदाहरण माझ्या माहितीत दुसरे नाही. (इतिहासात एम.ए. करून काय करणार, असे विचारणाऱ्या आप्तांनी कृपया नोंद घ्यावी.)

त्यानंतर पॉल फोर्गाक्सने या आवाजांचे भौतिकशास्त्र उलगडले. श्वासनलिका म्हणजे बासरी आणि तिच्या लांबीवर शिटीचा सूर ठरतो, अशी समजूत तोवर होती. फोर्गाक्सने दाखवले की सूर लांबीवर ठरत नाही. जवळजवळ मिटत आलेल्या नलिकेच्या भिंती वाहत्या हवेने थरथरतात आणि तो आवाज उमटतो. रुग्णाला हेलियममिश्रित हलकी हवा दिली, तरी सूर चढत नाही. म्हणजे ही बासरी नव्हे, जत्रेतल्या पिपाणीची जिभली आहे. लाएनेक स्वतः उत्तम बासरी वाजवीत असे. त्याला हा खुलासा आवडला असता, असे उगाच वाटते. तुटक तडतडीबद्दलही फोर्गाक्सचे म्हणणे वेगळे होते. सर्वच तडतड द्रवातल्या बुडबुड्यांची नसते. मिटलेल्या सूक्ष्म नलिका श्वास घेताना झटक्याने उघडतात, त्यातूनही ती उमटते.

यातून निघणारी एक गोष्ट सर्वांनीच लक्षात ठेवण्यासारखी आहे. पिपाणी वाजायला पुरेशी फुंकर लागते. दम्याचा झटका अतितीव्र झाला की हवेचा प्रवाहच इतका घटतो की शिटी बंद पडते. धाप तशीच असताना छाती अचानक निःशब्द होणे, हे आराम पडल्याचे नव्हे तर धोक्याचे लक्षण आहे. फुप्फुसांच्या दीर्घ अवरोधी विकारातही शांत छाती म्हणजे निरोगी छाती नव्हे. म्हणून तर १८४६ मध्ये जॉन हचिन्सनने मांडलेल्या श्वासमापकाचा वारस आज फुंकून घेण्याच्या चाचणीत वापरला जातो.

आवाजाला पुरावा मानण्याची मर्यादा सर्वाधिक उघडी पडली ती कापसाच्या धुळीत. माझे आजोबा लालबागच्या गिरणीत कार्डिंग खात्यात होते. रविवारची सुटी संपून सोमवारी पाळीवर गेले की छाती आवळते, असे ते म्हणत. घरच्यांना तो सोमवारचा कंटाळा वाटे. लँकेशायरच्या गिरण्यांत १९५० च्या दशकात रिचर्ड शिलिंगने याच सोमवारचा अभ्यास केला. या विकाराचे नाव बिसिनोसिस. त्यात स्टेथोस्कोपला ऐकू येणारी, केवळ त्याचीच म्हणावी अशी कोणतीही खूण नाही. शिलिंगची प्रतवारी उभी होती ती कामगाराला विचारलेल्या प्रश्नांवर : छाती आवळते का, कोणत्या वारी, फक्त सोमवारी की इतर दिवशीही?

नळीने दूर सारलेली रुग्णाची साक्ष इथे पुन्हा मध्यभागी आली. पुढे हा रोग आपल्या कामगार राज्य विमा कायद्याच्या तिसऱ्या अनुसूचीत आला. पण व्यवसायजन्य रोगाचा दावा कागदावर लढावा लागतो, आणि 'छाती साफ' एवढी नोंद असलेला कागद त्याविरुद्धही वाचला जाऊ शकतो. ही नोंद खोटी नसते. ती केवळ त्या वेळी त्या कानाला जे ऐकू आले, त्याची असते.

आपल्या केसपेपरवर अजूनही 'बायलॅटरल रॉन्काय' लिहिले जाते. वैद्यांनी आपसात हे शब्द वापरावेत, त्याला माझा आक्षेप नाही. पण रुग्णाशी बोलताना 'शिटी', 'सूं सूं', 'तडतड' हे शब्द उपलब्ध असताना मौन का पाळावे? 'घरघर' टाळावी, इथे मी लाएनेकच्या बाजूने आहे. बाकीचे सांगायला हवे, कारण रात्री तीन वाजता शिटी थांबली तर ती कशामुळे थांबली, हे घरात कुणाला तरी कळावे लागते.

जाता जाता एक विनंती. आपल्यापैकी कुणाच्या घरी गिरणीत काम केलेले कुणी असेल, तर त्यांना विचारून इथे अवश्य लिहा : सोमवारच्या त्या आवळण्याला त्यांच्या खात्यात काही नाव होते का? छापील नोंदींत मला अजून सापडलेले नाही.