खेड्यातील गळा आणि शहराचा पडदा

मनिलाच्या एल्. व्ही. एन्. या चित्रसंस्थेने 1939 साली आपला पहिला चित्रपट ‘गिलिव को’, म्हणजे टागालोग भाषेत ‘माझ्या प्रिये’, काढला तेव्हा तिने खेड्यातून शहरात जाऊन गायिका होऊ पाहणाऱ्या तरुणीचे हलकेफुलके कथानक निवडले. नायिकेच्या भूमिकेतील मिला देल सोल स्वतः तेव्हा जेमतेम किशोरवयीन होती, आणि तिच्या अभिनयातील टवटवी काही प्रमाणात त्या वयाचीच देणगी मानावी लागते. दिग्दर्शक कार्लोस व्हांडर तोलोसा यांच्या या कृतीची मुळे दोन रंगपरंपरांत सापडतात: एक ‘सार्सुवेला’, म्हणजे स्पॅनिश राजवटीबरोबर आलेला, संवाद आणि गाणी यांची गुंफण असलेला व म्हणून मराठी वाचकाला संगीत नाटकाची आठवण करून देणारा प्रकार, आणि दुसरी ‘बोडाबिल’, म्हणजे अमेरिकी अमलात रुजलेला नाचगाण्यांचा व विनोदी प्रवेशांचा मिश्र खेळ. कथेचा धागा विरळ आहे, हे मान्यच करावे लागते. परंतु महायुद्धापूर्वीचे फिलिपिनो चित्रपट मोजकेच उरले असताना ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या साहाय्याने ज्याचे पुनरुज्जीवन झाले, तो हा निरागस गाणेपट होता.