स्कोअररची खुर्ची

पाऊस सरला, भातकापणी उरकली की पालघर-बोईसर पट्ट्यात टेनिस चेंडूच्या स्पर्धांना ऊत येतो. दर रविवारी कुठल्या ना कुठल्या भाऊंच्या नावाचा चषक. कमानी, झेंडे, तारापूर एमआयडीसीतल्या प्रायोजकांचे फलक, यूट्यूबवर थेट प्रक्षेपण आणि मोबाइलवर चेंडूगणिक हलणारा धावफलक. पंच, स्कोअरर, समालोचक, संघ व्यवस्थापक, संघमालक असे सगळे पुरुष. बाई दिसते ती बक्षीस समारंभात, शाल-श्रीफळ देताना वा घेताना. तीही बहुधा सरपंच किंवा नगरसेविका म्हणून. दिवसभर मैदानावर जी माणसे मानधन घेऊन राबतात, त्यांत ती क्वचितच असते आणि त्याचे कुणाला काही वाटतही नाही.

आम्हाला वाटते. कारण खेळाच्या कारभारात वरच्या खुर्चीवर पोहोचलेल्या बायकांची वाट तपासली, तर ती अशाच एखाद्या बिनमहत्त्वाच्या खुर्चीपासून निघालेली दिसते.

अमेरिकेतल्या किम अँग यांचे उदाहरण घ्या. १३ नोव्हेंबर २०२० रोजी मायामी मार्लिन्स या बेसबॉल क्लबने त्यांना जनरल मॅनेजर नेमले. कोणता खेळाडू घ्यायचा, कोणाला सोडायचे, कोणावर किती पैसे लावायचे, हे ठरवणारे हे पद. उत्तर अमेरिकेतल्या चार मोठ्या पुरुष लीगमध्ये तोवर एकाही बाईला ते मिळाले नव्हते. ‘पहिली महिला’ म्हणून जगभर कौतुक झाले. पण त्याआधीची तीस वर्षे अधिक बोलकी आहेत. सॉफ्टबॉल खेळलेली ही मुलगी शिकागो विद्यापीठातून पदवी घेऊन १९९० मध्ये व्हाइट सॉक्सकडे इंटर्न म्हणून लागली. कागदपत्रे, आकडेवारी, करारमदार यांत मुरली. १९९५ मध्ये एका खेळाडूच्या मानधनाच्या वादात लवादापुढे क्लबची बाजू मांडून तिने दावा जिंकला. २९ व्या वर्षी ती न्यूयॉर्क यँकीजची असिस्टंट जनरल मॅनेजर झाली. पुढची तीन वर्षे विजेतेपद त्याच क्लबकडे राहिले. मोठ्या पदासाठी पहिली मुलाखत २००५ मध्ये झाली आणि पद मिळाले त्यानंतर पंधरा वर्षांनी. २०२३ मध्ये संघ प्लेऑफमध्ये गेला, तर क्लबने त्यांच्या डोक्यावर आणखी एक साहेब बसवायचे ठरवले. बाई राजीखुशीने घरी बसल्या नाहीत. त्या बाहेर पडल्या आणि २०२५ मध्ये महिलांच्या व्यावसायिक सॉफ्टबॉल लीगच्या आयुक्त झाल्या.

इतके लांब न जाताही हा जिना दिसतो. नवी मुंबईच्या वृंदा राठी मुंबई विद्यापीठाकडून मध्यमगती गोलंदाजी करत. मग स्कोअरर झाल्या. २०१३ चा महिला विश्वचषक भारतात झाला, तेव्हा न्यूझीलंडच्या पंच कॅथी क्रॉस यांना पाहून त्या पंचगिरीकडे वळल्या. २०२३ च्या जानेवारीत पुरुषांच्या रणजी सामन्यांत प्रथमच तीन महिला पंच उतरल्या, त्यांपैकी त्या एक.

आणि माजी क्रिकेटपटू डायना एडुलजी. त्यांची नोकरी आपल्याच पश्चिम रेल्वेतली. महिला क्रिकेटमध्ये पैसा नव्हता त्या काळात मुलींना रेल्वेत नोकऱ्या मिळाव्यात म्हणून त्यांनी पाठपुरावा केला. सर्वोच्च न्यायालयाने ३० जानेवारी २०१७ रोजी बीसीसीआयवर प्रशासक समिती नेमली, तेव्हा चार सदस्यांत त्या एकट्या महिला होत्या. आयपीएलच्या लिलावात टेबलाशी बसलेल्या मालकिणी टीव्हीवर दिसतात खऱ्या; पण मालकीण होणे हा काही नोकरीचा मार्ग नव्हे.

पालघरला क्रिकेटचे वेड आहे, शार्दूल ठाकूरचा अभिमान आहे. किटची बॅग खांद्यावर घेऊन लोकलने मुंबई गाठणारा हा मुलगा प्रशिक्षक दिनेश लाड यांनी बोरिवलीत आपल्या घरी ठेवून घेतला, ही गोष्ट इथे सर्वांना पाठ आहे. मुलीला असे कोण ठेवून घेणार, आणि घरचे तरी सोडतील का? २ नोव्हेंबर २०२५ ला नवी मुंबईत भारताने महिला विश्वचषक जिंकला. त्या संघाचा मुख्य प्रशिक्षकही पुरुषच. अमोल मुझुमदार यांच्या योग्यतेबद्दल शंका नाही. पण त्या खुर्चीपर्यंत जाणाऱ्या बायकांची रांगच लागत नसेल, तर निवड करणाऱ्यांना दोष देऊन काय उपयोग?

रांग लावायची तर सुरुवात मैदानाच्या कडेच्या त्या टेबलापासून व्हावी. मुंबई क्रिकेट असोसिएशन पंचांच्या आणि स्कोअररच्या परीक्षा घेते. बारावीनंतर खेळ सुटलेल्या कितीतरी मुली पालघर-बोईसरच्या महाविद्यालयांत आहेत. त्यांच्यासाठी जिल्हा क्रीडा कार्यालयाने या परीक्षांचे वर्ग इथेच घ्यावेत. फलकांवर खर्च करणाऱ्या कारखान्यांनी त्यांचे परीक्षा शुल्क भरावे. ते त्यांना जड नाही. स्पर्धेच्या आयोजकांनी निदान एक स्कोअरर आणि एक पंच मुलगी असेल, असे प्रवेशपत्रिकेवर छापावे आणि मानधन पुरुषांइतकेच द्यावे. राष्ट्रीय क्रीडा संघटनांच्या कार्यकारिणीत महिला असणे २०२५ च्या कायद्याने सक्तीचे केले. मैदानावर एकही दिवस न काढलेल्या नातेवाईक बायका त्या जागांवर बसवायच्या नसतील, तर ही तयारी खालूनच करावी लागेल.

एक गोष्ट आयोजकांना आधीच सांगून ठेवतो. सकाळी आठ ते रात्री प्रकाशझोतापर्यंत सामने चालतात आणि बहुतेक मैदानांवर बायकांसाठी स्वच्छतागृह नसते. मुलींना बोलावण्याआधी त्याची सोय करा, आणि रात्री उशिरा सुटल्यावर डहाणू लोकल गाठायला किंवा पाड्यावर पोहोचायला गाडीची. कमानीच्या खर्चात एवढे सहज बसते.