चेऊलकर आडनावाचा माणूस उपरा कसा?

'बाहेरच्यांना हाकला' छाप पोस्ट आता आपल्या परभणीच्या ग्रुपवरही फिरायला लागल्यात. त्या पुढं ढकलणाऱ्यांना एक प्रश्न. 'गोलमाल', 'बातों बातों में', 'चुपके चुपके' मधला बुटका, टकला, हसरा काका आठवतो ना? तो आपला होता की बाहेरचा?

त्यांचं नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. जन्म ठाण्याचा, आडनाव अलिबागकडच्या चौल म्हणजे जुन्या चेऊल गावावरून. समाज बेने इस्रायली, म्हणजे मराठी ज्यू. जहाज फुटून आपले पूर्वज कोकणात नवगावच्या किनाऱ्याला लागले, असं हा समाज पिढ्यानपिढ्या सांगत आलाय. तिथं त्यांनी तेलाचे घाणे चालवले. शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना 'शनवार तेली' म्हणू लागले. घरातली बोली मराठी झाली, गावाचं नाव आडनावाला लागलं. आपला पहिला बोलपट 'आलम आरा' (१९३१) लिहिणारे जोसेफ डेव्हिड पेणकर याच समाजातले.

डेव्हिड वकिली शिकले, पण रमले सिनेमात. उंची आणि चेहरा हिरोचा नव्हता, म्हणून आयुष्यभर चरित्र भूमिका केल्या. थोड्याथोडक्या नाही, शंभराहून जास्त चित्रपट. १९५४ च्या 'बूट पॉलिश' मधला त्यांचा जॉन चाचा अनाथ लेकरांना सांगतो, भीक मागू नका, कष्ट करून खा. या कामासाठी त्यांना फिल्मफेअरचा सहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. त्या गटातला तो पहिलाच. १९६९ ला पद्मश्री मिळाली. उतारवयात ते कॅनडाला गेले आणि टोरांटोलाच वारले. म्हणजे बाहेरून आलेल्यांचा वंशज मराठी झाला आणि शेवटी स्वतःच परदेशी राहिला. आता यात उपरा कुणाला म्हणायचं?

ख्वाजा अहमद अब्बास यांच्या 'शहर और सपना' (१९६३) मध्येही डेव्हिड आहेत. कामासाठी मुंबईत आलेला पोरगा आणि त्याची बायको घर नाही म्हणून मोठ्या पाइपात संसार थाटतात, अशी ती गोष्ट. आपल्या पिंगळीच्या स्टेशनावरून पुण्या-मुंबईची गाडी धरणाऱ्या पोरांना ती समजावून सांगायची गरज नाही. खोलीचं भाडं, मुकादमाची उचल, 'मराठवाड्यातून आलेत' हा टोमणा, सगळं त्यांनी भोगलंय. आणि तीच पोरं गावाकडं आली की बिहारी मजुराला 'बाहेरचा' म्हणतात!

'ते कमी पैशात काम करतात, आमची मजुरी पडते,' असं कुणी म्हणेल. तक्रार खरी आहे, मी ती उडवून लावत नाही. पण कमी पैसे देतो कोण? ठेकेदार. मग भांडण त्याच्याशी करा. दोघांनाही एकच दर द्या, अशी मागणी करा. मजूर हाकलून दर वाढत नसतो, ठेकेदार दुसरीकडून माणसं आणतो.

आणि एक काम आपल्या हातात आहे. शिक्षण हक्क कायदा (२००९) सांगतो की दाखला नाही म्हणून कुठल्याही लेकराला शाळेत प्रवेश नाकारता येत नाही. वीटभट्टीवरची लेकरं दिसली तर त्यांना झेडपीच्या शाळेत नेऊन नाव घालायला लावा. शाळा व्यवस्थापन समितीतल्या मंडळींनी तर हे पहिल्यांदा करावं.

चेऊलकर हे आडनाव एका दिवसात झालं नसेल. कुणीतरी घाणा चालू दिला, कुणीतरी तेल विकत घेतलं, शेजार धरला. उद्या कुणी अभिमानानं 'पिंगळीकर' आडनाव लावलं, तर आपल्याला वाईट वाटणार आहे का?

पटत नसेल तर कमेंटमध्ये बोला. शिव्या नकोत, मुद्दा आणा.